मित्र गेला, उसने दिलेले पैसे राहिले. वारसांवर दावा लावता येतो का?

कृष्णाकाठ | १२ ऑक्टोबर २०२५
मी सांगलीत राहतो. माझा शाळेपासूनचा मित्र इचलकरंजीत होता, त्याचे आठ यंत्रमाग. धंद्यात मंदी होती, सूत उधारीवर मिळेना, तेव्हा २ डिसेंबर २०२२ ला मी त्याला साडेचार लाख रुपये हातउसने दिले. मुलीच्या लग्नासाठी साठवलेले होते. व्याज ठरलं नव्हतं, परत कधी द्यायचे तेही नाही. चिठ्ठीचपाटी काही केली नाही. पैसे मात्र बँकेतून आरटीजीएस केले. गेल्या वर्षी फेब्रुवारीत त्याने पन्नास हजार परत दिले. या जूनमध्ये तो हार्ट अटॅकने गेला. बावन्न वर्षांचा होता.

मागे आई, बायको, इंजिनिअरिंगला असलेला मुलगा आणि दहावीतली मुलगी. राहतं घर आहे, मागाची शेड आहे. शेडवर पतसंस्थेचं कर्ज आहे असं ऐकतो.

चार महिने मी तोंड उघडलं नाही. आता माझ्या मुलीचं लग्न फेब्रुवारीत ठरलंय. गेल्या आठवड्यात त्याच्या मुलाला हळूच विचारलं. तो म्हणाला, "काका, बाबांनी आम्हाला यातलं काही सांगितलं नव्हतं. तुमचा व्यवहार त्यांच्याशी होता, आमचा काय संबंध?" रात्रभर झोप लागली नाही. पोराचा राग आला असंही नाही. पण चार लाख सोडून द्यायची माझी ऐपत नाही.

कायद्याने त्यांचा खरंच काही संबंध नाही का? आणि दावा लावला तर मी मित्राशी वाईट वागलो असं होईल का? दोन्ही प्रश्नांची उत्तरं हवी आहेत.

पानवेल
काका, "शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये". आमच्या भाऊबंदकीतला दावा आजोबांनी लावला, निकाल माझ्या लग्नानंतर लागला. चार लाखांसाठी आयुष्य घालवू नका.

तुकाराम_पाटील_नव्हे
मुलगा असं कसं म्हणतो? बापाचं कर्ज मुलाने फेडायचं हे शास्त्रच आहे. वडिलांची शेड पाहिजे आणि देणं नको, हे कुठलं?

काळा कोट
वकिली करतो, त्यामुळे आधी घाईची गोष्ट. कृष्णाकाठ, २ डिसेंबर २०२५ ही तारीख भिंतीवर लिहून ठेवा. परतफेडीची तारीख न ठरवता दिलेल्या उसन्या पैशांसाठी दावा लावायची मुदत पैसे दिल्या दिवसापासून तीन वर्षं असते. मागितल्या दिवसापासून नाही, मित्र गेला त्या दिवसापासूनही नाही. मुदतीचा कायदा १९६३ चा आहे आणि त्याला दयामाया नाही. समोरच्याने मुदतीचा मुद्दा काढला नाही तरी न्यायाधीशांना तो बघावाच लागतो. तुमच्या हातात पन्नास दिवस आहेत.

आता मुलाच्या प्रश्नाचं उत्तर. त्याचं अर्धं बरोबर आहे. कर्ज वारसांच्या अंगाला चिकटत नाही, मयताच्या मालमत्तेला चिकटतं. वारसांवर दावा लावता येतो, हुकूमनामा म्हणजे कोर्टाचा वसुलीचा हुकूमही मिळतो. पण तो वसूल होतो मयताकडून त्यांच्या हातात जे आलं त्यातूनच. दिवाणी प्रक्रिया संहितेची कलमं ५० आणि ५२ हेच सांगतात. मुलाचा उद्याचा पगार, वहिनींचे माहेरचे दागिने, यांना हात लावता येत नाही. शेडमधल्या मित्राच्या वाट्याला मात्र लावता येतो.

पाटील, तुम्ही म्हणता ते शास्त्र २००५ पर्यंत कोर्टातही चालत होतं. हिंदू वारसा कायद्यात त्या वर्षी दुरुस्ती झाली, ती ९ सप्टेंबर २००५ ला लागू झाली. त्यानंतर घेतलेल्या कर्जासाठी केवळ "मुलाचं पवित्र कर्तव्य" म्हणून मुलावर, नातवावर, पणतवावर जाता येत नाही.

तुकाराम_पाटील_नव्हे
हे माहीत नव्हतं. मुलाला बोललो ते मागे घेतो.

शून्य
पन्नास हजार फेब्रुवारी २०२४ मध्ये मिळाले ना? मग मुदत तिथून पुन्हा तीन वर्षं, म्हणजे २०२७ पर्यंत. घाई कशाला?

काळा कोट
हाच खड्डा आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो. मुदतीच्या आत काही रक्कम परत केली तर मुदत नव्याने सुरू होते, हे खरं. पण मुदतीच्या कायद्याच्या कलम १९ ला एक अट आहे: पैसे दिल्याची कबुली देणाऱ्याच्या हस्ताक्षरात किंवा त्याच्या सहीच्या लेखात असली पाहिजे. चेकने दिले असतील तर चेकवर सही असते, बळ येतं. रोख किंवा मोबाइलवरून दिले असतील तर भांडण होतं, आणि ते भांडण कुठे जाईल हे आज कुणी छातीठोक सांगू नये. कृष्णाकाठ, कसे दिले होते?

कृष्णाकाठ
गुगल पे ने. दोन वेळा पंचवीस-पंचवीस. खाली त्याने लिहिलंय, "बाकीचे दिवाळीनंतर".

काळा कोट
ते वाक्य जपा. पण मुदतीसाठी त्यावर विसंबू नका. २ डिसेंबरच्या आतच जायचं.

मिरजकर_बशीर
आमच्यात जनाजा उठायच्या आधी किंवा नमाजाच्या वेळी घरचा जाणता माणूस उभा राहून सांगतो, मयताकडे कुणाचं येणं असेल तर आत्ता सांगा किंवा नंतर घरी या. आधी कफन-दफनाचा खर्च, मग कर्ज, मग वसीयत, ती जास्तीत जास्त एक तृतीयांश, आणि उरलं त्याचे वाटे. माझे अब्बा गेले तेव्हा मी स्वतः हे बोललो होतो. तीन जण आले. एक भाजीवाली होती, एकशे ऐंशी रुपयांची उधारी. ती पैसे घ्यायला तयार नव्हती, अम्मीने हातात कोंबले. अब्बांना हलकं वाटलं असेल असं अम्मी अजून म्हणते.

कृष्णाकाठसाहेब, मागणं म्हणजे दोस्ताशी दगा नाही. उलट त्याच्यावरचं ओझं उतरवायला मदत आहे.

हेमाडपंती
बशीरभाईंची पोस्ट वाचून राहवलं नाही. तुकारामराव, आपल्याकडचं जुनं शास्त्रही फार बारकाईचं होतं. याज्ञवल्क्य स्मृतीत "रिक्थग्राह ऋणं दाप्यः" असं येतं, म्हणजे जो वारसा उचलतो त्याच्याकडून ऋण वसूल करावं. दारू, जुगार, बाईबाजीसाठी बापाने केलेलं कर्ज मुलाने देऊ नये, हेही तिथेच आहे. मुंबई इलाख्यात १८६६ साली हिंदू वारसांना दिलासा देणारा कायदाच झाला. वारसाची जबाबदारी मिळालेल्या मालमत्तेपुरतीच, असं त्याने ठरवून टाकलं. २००५ ची दुरुस्ती आकाशातून पडलेली नाही.

आणि दामदुप्पट! थकलेलं व्याज मुद्दलापेक्षा जास्त एका वेळी मागता येत नाही, हा नियम या इलाख्यातल्या कोर्टांनी हिंदू ऋणकोसाठी मानला. सावकारीने पोळलेल्या मुलखात हा नियम टिकला याचं मला फार अप्रूप वाटतं.

पानवेल
सावकारीवरून आठवलं. परवाना नसताना पैसे दिले म्हणून उलट काकांवरच केस व्हायची! २०१४ चा सावकारीचा कायदा आहे ना?

काळा कोट
तो सावकारीचा धंदा करणाऱ्यांसाठी आहे. मित्राला एकदा, बिनव्याजी, अडचणीला दिलेले पैसे म्हणजे धंदा नव्हे. दहा जणांना महिना तीन टक्क्यांनी देणाऱ्याचा दावा मात्र परवान्याअभावी फेटाळला जातो, आणि फेटाळला जावाच.

लेकुरवाळी
रोखीने दिलेल्या पैशांचं काय? माझ्या दिरांनी एकाला दीड लाख रोख दिलेत.

काळा कोट
वीस हजार किंवा त्यावर रोख कर्ज घेणाऱ्याला आयकर कायद्याखाली तेवढ्याच रकमेचा दंड होऊ शकतो. पण तेवढ्यावरून कर्ज बेकायदा ठरून वसुलीच बंद होत नाही. सर्वोच्च न्यायालयाने गेल्याच महिन्यात, सप्टेंबर २०२५ मध्ये, गोव्यातून आलेल्या एका चेकच्या प्रकरणात हे स्पष्ट केलं. रोखीची खरी अडचण पुराव्याची असते.

दर्याकिनारी
गोव्याचं नाव आलं म्हणून लिहितो. आमच्याकडे माणूस गेला की इन्व्हेंटरी होते, त्यासाठी २०१२ चा वेगळा कायदा आहे. त्यात घर, भाट (माडांची बाग), दागिने मांडतात तशी देणीही मांडतात. शिवाय नवरा-बायकोची मालमत्ता सहसा सामाईक, त्यामुळे अर्धी बायकोची आधीच. घाटावर वाटणी आणि देणं असं एकाच कागदावर येत नाही याचं नवल वाटतं.

मृदगंधा
हा धागा तीन दिवस वाचतेय. लिहावं की नाही ठरत नव्हतं. मी दुसऱ्या बाजूची आहे.

माझे मिस्टर मे २०२१ मध्ये कोविडने गेले. मी स्वतः पॉझिटिव्ह, मुलगी सहा वर्षांची. अकराव्या दिवशी पहिला फोन आला. "वहिनी, साहेबांकडे आमचे दोन लाख होते." मग दुसरा. मग तिसरा, तो थेट घरी आला आणि शेजाऱ्यांसमोर जिन्यात मोठ्याने बोलला. मला एटीएमचा पिन माहीत नव्हता त्या दिवसांतली ही गोष्ट आहे.

तिघांपैकी एकाकडे बँकेची नोंद होती आणि मिस्टरांचे मेसेज होते. तो सोसायटीतल्या एका वयस्कर काकांना घेऊन आला, कागद टेबलावर ठेवला, म्हणाला, "ताई, आज उत्तर नको. बघून ठेवा." त्याचे पैसे मी एफडी मोडून वर्षभरात दिले. दुसऱ्याने चिठ्ठी दाखवली, तिच्यावरची सही मिस्टरांची नव्हतीच. तो पुन्हा आला नाही. जिन्यात ओरडणाऱ्याने दावा लावला. कर्ज २०१८ चं, पण सर्वोच्च न्यायालयाने कोविडमुळे १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळला होता, म्हणून तो मुदतीत बसला. दोन वर्षं तारखांना गेले. त्याला कर्ज सिद्ध करता आलं नाही.

वकीलबाईंनी मला एक गोष्ट पहिल्या दिवशी सांगितली, ती इथे प्रत्येक बाईने वाचावी. घाबरून कशावरही सही करू नका. "मी फेडीन" असं तुम्ही स्वतः लिहून दिलंत की ते तुमचं स्वतःचं कर्ज होऊन बसायची भीती असते. आणि मिस्टरांचा पीएफ नॉमिनी म्हणून मला मिळाला होता, त्याला त्यांच्या देणेकऱ्यांचा हात लागत नाही.

कृष्णाकाठदादा, तुमचे पैसे खरे आहेत हे तुमच्या लिहिण्यातून कळतं. पण त्या वहिनींना ते कळायला काय मार्ग आहे? त्यांच्या दारात जूनपासून किती जण येऊन गेले असतील? मुलाला रस्त्यात विचारू नका. तो एकोणीस-वीस वर्षांचा असेल. कागद घेऊन घरी जा, सोबत दोघांच्या ओळखीचं कुणीतरी न्या.

कृष्णाकाठ
ताई, तुमची पोस्ट दोनदा वाचली. मी त्याला कॉलेजच्या गेटवर गाठलं होतं. चुकलंच माझं.

लेकुरवाळी
मृदगंधा, 🙏. "देणेकरी" म्हणजे घेणारा की देणारा यात माझा कायम गोंधळ होतो हो.

हेमाडपंती
ऋणको म्हणजे ज्याच्याकडून येणं आहे तो, धनको म्हणजे ज्याला द्यायचं आहे तो. बोलीत दोघांनाही "देणेकरी" म्हणतात, म्हणून कोर्टाने "वादी-प्रतिवादी" असं सुटसुटीत ठेवलं असावं. 😊

जुना बेलीफ
एकतीस वर्षं कोर्टात बेलीफ होतो. समन्स बजावली, जप्त्या केल्या. वकीलसाहेबांनी कायदा सांगितला, मी दारातलं सांगतो.

पहिलं, मेलेल्या माणसाच्या नावाने दावा लावू नका. हसू नका, असे दावे लागतात. मी समन्स घेऊन जायचो आणि घरचे भिंतीवरचा हार घातलेला फोटो दाखवायचे. तो दावा जन्मतःच मेलेला. वारसांच्याच नावाने लावायचा. दावा चालू असताना माणूस गेला तर गोष्ट वेगळी, तेव्हा नव्वद दिवसांत वारस रेकॉर्डवर आणायचे.

दुसरं, वारस सगळे घ्या. हिंदू पुरुष गेला की बायको, मुलगा, मुलगी आणि आई, चौघंही पहिल्या वर्गाचे वारस. लोक आईला विसरतात. वडील त्या वर्गात नाहीत, आई आहे. मुलगी अज्ञान, म्हणजे अठराच्या आतली, असेल तर तिच्यासाठी पालक नेमायचा अर्ज द्या.

तिसरं, आणि यावर मी पोटतिडकीने लिहितोय. दावा लावायच्या आधी मालमत्ता बघा. शेड कुणाच्या नावावर आहे? मित्राच्या, त्याच्या आईच्या, की पतसंस्थेच्या बोजासकट? सातबारा किंवा प्रॉपर्टी कार्ड ऑनलाइन निघतं. मी असे हुकूमनामे पाहिलेत की लोकांनी पाच वर्षं भांडून मिळवले, आणि दरखास्त (हुकूमनाम्याच्या वसुलीचा अर्ज) घेऊन आम्ही गेलो तर घर आजोबांच्या नावावर, गाडी फायनान्सची, आणि एलआयसीचे पैसे जप्तीतून मुक्त. हुकूमनामा बारा वर्षं जिवंत राहतो, पण रिकाम्या घरातून काय उचलणार? पतसंस्थेकडे शेड तारण असेल तर आधी पतसंस्था, मग तुम्ही.

एका घरात जप्तीला गेलो तर म्हातारीने पितळी हंडा पुढे केला, "एवढाच आहे, न्या." स्वयंपाकाची भांडी आम्हाला नेता येत नाहीत. तसं सांगितल्यावर ती रडायला लागली. तोवर ती इतकी शांत होती. ते घर मी विसरलेलो नाही.

शून्य
पुराव्यावर कुणीतरी लिहा. आरटीजीएस आहे म्हणजे झालं का?

काळा कोट
नाही झालं. आरटीजीएसने पैसे गेले हे सिद्ध होतं, उसने गेले हे होत नाही. वारस म्हणू शकतात की ते कापडाचे होते, किंवा जुनं देणं फेडलं. म्हणून गुगल पे वरचं "बाकीचे दिवाळीनंतर" हे महत्त्वाचं. नुसता स्क्रीनशॉट छापून चालत नाही, भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र लागतं. मोबाइल विकू नका, फॉरमॅट करू नका. आणि मयत माणसाने स्वतःच्या आर्थिक हिताविरुद्ध केलेलं विधान पुरावा म्हणून चालतं. "माझ्याकडे अमक्याचे पैसे आहेत" असं तो आणखी कुणाला बोलला, लिहून ठेवलं, तेही शोधा.

लेखी करार नाही, म्हणून समरी सूट (झटपट चालणारा दावा) बसणार नाही, साधा वसुली दावा लागेल. इचलकरंजीतच लावा, शेड तिथे आहे. व्याज ठरलं नव्हतं, तरी लेखी मागणीच्या नोटिशीपासूनचं मागता येतं. म्हणून नोटीस द्या. पण मृदगंधाताई म्हणतात ते आधी करा.

सायली_लातूर
माझा प्रश्न उलटा आहे. बाबा गेले, त्यांनी एकाला तीन लाख दिलेले. त्याच्याकडे प्रॉमिसरी नोट आहे, तो म्हणतो वारसा प्रमाणपत्र आणा. टाळतोय का?

काळा कोट
टाळत असेलही, पण चूक म्हणत नाही. मयताचं येणं वसूल करणाऱ्या वारसांना भारतीय उत्तराधिकार कायदा १९२५ खालचं प्रमाणपत्र लागतं. त्याशिवाय कोर्ट हुकूमनामा देत नाही. दावा मात्र मुदतीत लावून ठेवता येतो, प्रमाणपत्र निकालाआधी दाखल करा. तलाठ्याचा वारस दाखला यासाठी चालत नाही. नोट त्याच्याकडे आहे म्हणालात, ती तुमच्याकडे का नाही? वेगळा धागा काढा, सविस्तर बोलू.

सायली_लातूर
चुकून लिहिलं, नोट आमच्याकडेच आहे. काढते धागा.

मिरजकर_बशीर
कृष्णाकाठसाहेब, काय झालं मग? दिवाळी होऊन गेली.

कृष्णाकाठ | ९ नोव्हेंबर २०२५
जाऊन आलो. भाऊबीज झाल्यावर गेलो, आमच्या शाळेतले निवृत्त सर बरोबर आले. बँकेचं स्टेटमेंट नेलं. आधी मुलाची माफी मागितली. तो काही बोलला नाही, पाणी आणून दिलं.

वहिनींनी सगळं ऐकून घेतलं. मग आत गेल्या आणि मागाच्या हिशेबाची वही घेऊन आल्या. त्याची सवय होती, बीम, कांड्या, कामगारांची उचल, सगळं स्वतःच्या हाताने लिहायचा. मागच्या पानांवर माझं नाव होतं. साडेचार लाख, तारीख, खाली पंचवीस आणि पंचवीस वजा करून चार लाख बाकी. त्याचंच अक्षर. मी आठवीपासून ओळखतो ते.

वहिनी म्हणाल्या, "आठ दिवसांपूर्वीच सापडलं भाऊजी. तुम्ही येता का बघत होते." येऊन गेलेल्यांत तिघांची नावं वहीत नव्हती म्हणे.

शेडवरचं कर्ज साधारण निम्मं फिटलंय. माग चालवायला कुणी नाही, शेड भाड्याने दिली आहे. लग्नाआधी एक लाख आणि मग भाड्यातून दरमहा साडेबारा हजार असं त्या म्हणतात, म्हणजे दोन वर्षं. मला मान्य आहे. आता दावा लावायची गरज उरली का?

शून्य
कलम १९! "हस्ताक्षरात"! वही म्हणजे तेच!

काळा कोट
शून्य, बरोबर पकडलंत. पन्नास हजार दिल्याची नोंद त्याच्या हस्ताक्षरात आहे, मुदतीच्या आतली आहे. तुमची बाजू एकदम भक्कम झाली. तरीही मी असतो तर २ डिसेंबरच्या आत दावा लावून लगेच लोकअदालतीत तडजोड केली असती. वही त्यांच्या घरात आहे, भाडेकरू उद्या गेला, पतसंस्थेने शेड ओढली, तर तोंडी शब्दावर दोन्ही घरं अडचणीत येतील. लोकअदालतीचा निवाडा हुकूमनाम्यासारखाच असतो, त्यावर अपील नाही, आणि कोर्ट फी परत मिळते. मुलगी अज्ञान आहे, तिच्या वतीने तडजोडीला कोर्टाची परवानगी घ्यावी लागेल, ते विसरू नका. निवाड्यात "मयताच्या मालमत्तेतून" हे शब्द असू द्या. त्याने मुलं सुरक्षित राहतील.

मृदगंधा
आणि हे सगळं वहिनींना आधी सांगा. त्यांचा वेगळा वकील असू द्या. विधी सेवा प्राधिकरणातून बायकांना मोफत मिळतो. माझ्या वेळी मला हे कुणी सांगितलं नव्हतं.

कृष्णाकाठ | २४ नोव्हेंबर २०२५
दावा दाखल केला. आदल्या दिवशी इचलकरंजीला जाऊन घरी सांगून आलो, कोर्टाचा माणूस येईल, घाबरू नका म्हणून. मुलानेच वकील मिळवून दिला आईला.

जुना बेलीफ
आजींना पक्षकार केलंत ना?

कृष्णाकाठ
केलं, काका. समन्स त्यांनीच घेतलं. मुलगा फोनवर सांगत होता, बेलीफाला चहा घेतल्याशिवाय सोडलं नाही.